नळाच्या आवाजाखाली

१

स्वेतोझार बालाच मेला त्या दिवशी अर्धं बेलग्रेड उरलेल्या अर्ध्याच्या घरी जेवायला गेलं होतं.

नोव्हेंबरातला देवदूत मिखाइलचा दिवस. आमच्याकडे प्रत्येक घराण्याचा एक संत असतो आणि त्याच्या दिवशी त्या घरी स्लावा. आमंत्रण नसतं. दार उघडं असतं. ज्याला आठवण आहे त्याने यावं, खावं, प्यावं आणि पुढच्या घरी जावं. मिखाइलवाली घरं इतकी, की त्या दिवशी माणूस पोट धरून गावभर फिरत असतो. खून करायला याहून सोयीचा दिवस नाही. कोण कुठे होतं हे विचारण्यात अर्थच नसतो, कारण सगळे सगळीकडे असतात.

मी आमच्या निर्मात्याकडे, ग्रादिमिरकडे होते. स्लावाच्या दिवशी यजमानाने बसायचं नसतं, त्यामुळे तो सकाळपासून उभा होता आणि पाय सुजले म्हणून येणाऱ्या प्रत्येकाकडे कुरकुरत होता. टेबलावर मेणबत्ती, गोल पाव, कोबीच्या पानात खिमा गुंडाळलेली सार्मा, भाजलेलं डुक्कर. माझ्या घरचा संत निकोलस, त्यामुळे आमच्याकडे पाहुण्याच्या हातात आधी उकडलेल्या गव्हाचा चमचा जातो. इथे तो नव्हता. गहू मेलेल्यांच्या नावाने, आणि मिखाइल पडला देवदूत, तो मेलाय कधी? मी राकियाचा ग्लास उचलला आणि फोन वाजला.

"दारिंकाबाई, जेवण झालं का?" इन्स्पेक्टर वुलेतिचचा आवाज. "नसेल तर राहू द्या. तुमचा बालाच गेला."

वुलेतिच आमच्या मालिकेचा पोलिसी सल्लागार. मी पटकथा लिहिते, आणि अकरा वर्षं हा माणूस माझ्यामागे एकच भुणभुण लावत आलाय, की तुमच्या पडद्यावरचे पोलीस कधी जेवत कसे नाहीत. त्या दिवशी त्याच्याही घरी स्लावा होती, आणि तो उपाशीपोटी प्रेताशेजारी उभा होता.

बालाचचं घर झेमुनच्या टेकडीवर. दारासमोरून दगडी पायऱ्या सुटतात त्या थेट डॅन्यूबपर्यंत. तो त्या पायऱ्यांवर पडला होता, पाठीवर, डोकं खाली. अंगात कोट नाही, पायात घरातल्या सपाता.

"घसरला?" मी विचारलं.

"पाठीमागे पडलाय. म्हणजे पायऱ्यांकडे पाठ करून उभा होता. असं माणूस कधी उभा राहतो? समोरच्याची वाट अडवून बोलायचं असलं की." वुलेतिचने टोपी काढली. "आणि बाई, लगेच गेला नाही तो. डॉक्टर म्हणतात, बराच वेळ जिवंत होता. कुणी हाक ऐकून खाली गेलं असतं तर वाचला असता."

मग तो मला आत घेऊन गेला. स्वयंपाकघरातल्या टेबलावर कॉफीचा एक कप होता, तळाशी गाळ. समोरासमोर दोन खुर्च्या ओढलेल्या. दुसरा कप बाथरूममध्ये होता. स्वच्छ धुऊन बेसिनच्या कडेवर पालथा घातलेला.

"सिंक इथे, टेबलाला लागून," वुलेतिच म्हणाला. "मग कप धुवायला बाथरूममध्ये कोण जातं हो?"

२

बालाचने चोविसाव्या वर्षी पहिला चित्रपट लिहिला आणि लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं. मग युद्धं आली, निर्बंध आले, चित्रपट बंद पडले. त्याने साबणाच्या जाहिराती लिहिल्या, मुलांच्या कार्यक्रमातल्या बोलक्या सशाचे संवाद लिहिले. आणि शेवटी 'पुलाखालची घरं'. अकरा वर्षं दर रविवारी सगळा देश ती मालिका बघत आलाय, आणि बालाच दर रविवारी कुठल्यातरी खानावळीत पाठमोरा बसून लोक कुठे हसतात ते ऐकत आलाय.

त्याला स्वतःचं असं काही सुचत नसे. तो लोकांचं घ्यायचा. माझा घटस्फोट त्याने तीन भागांत वापरला, माझ्या नवऱ्याच्या घोरण्यासकट. त्याच्याशी बोलताना तोंडाला कुलूप लावावं लागे, आणि तरी आम्ही बोलायचो, कारण त्याच्यासारखं ऐकून घेणारं दुसरं कुणी नव्हतं. माझा त्याच्यावर राग होता आणि जीवही होता. आम्हाला त्याने धंदा शिकवला. "खोटं पटवायचं असेल तर तोंडात घास घाला," म्हणायचा. "'मी तिथे गेलो होतो' असं पात्राने म्हटलं तर प्रेक्षक शंका घेतो. 'गेलो होतो, सूपात मीठ कमी होतं' म्हटलं की संपलं."

लिहिणारे आम्ही तिघं. तो, मी आणि नेवेंका. नेवेंका संवाद तपासायची. कुठलं वाक्य माणूस बोलेल आणि कुठलं फक्त लेखक लिहील, हे तिला वासावरून कळायचं. दोन हिवाळ्यांपूर्वी तिचा उरोश गेला. एकुलता एक मुलगा, एकवीस वर्षांचा. नशेत, तिच्याच इमारतीच्या जिन्यावर, बर्फ पडत असताना. ती त्या रात्री बहिणीकडे नोवी सादला होती. ती परत कामाला आली तेव्हा आम्ही कुणी काही विचारलं नाही.

नवा भाग झाला की बालाचच्या स्वयंपाकघरात तो मोठ्याने वाचायची आमची रीत. तो मेला त्याच्या आदल्या आठवड्यातही वाचन झालं. ग्रादिमिर होता, मी, नेवेंका आणि तिहोमिर. तिहोमिर म्हणजे आजोबा स्पासोये, मालिकेतला दारुडा नावाडी. रस्त्यात बायका त्याच्या खिशात सफरचंदं कोंबतात. या भागात बालाचने त्याला मारला होता. म्हातारा बर्फातून मुलीच्या दाराशी येतो. मुलीने शपथ घेतलीय की आता उघडायचं नाही. तो दार वाजवत राहतो. ती स्वयंपाकघरातला नळ पूर्ण सोडते आणि सिंकला धरून उभी राहते. सकाळी म्हातारा जिन्यावर मेलेला.

मला रडू आलं. ग्रादिमिर नाक शिंकरत म्हणाला, "याला बक्षीस आहे."

तिहोमिर उभा राहिला. "टीव्हीवर मेलेला म्हातारा नट म्हणजे मेलेलाच. पुढे कोण विचारतं? बालाच, तू मला मारलंस तर मीही तुला मारीन, सांगून ठेवतो." आणि छत्री तिथेच विसरून पावसात निघून गेला.

नेवेंकाने रिकामा जग उचलला, बाथरूममधून भरून आणला आणि सगळ्यांना पाणी दिलं. मग तिच्या नेहमीच्या कोरड्या आवाजात म्हणाली, "सीन चालणार नाही. नळ पूर्ण सोडला की दार ऐकू येत नाही."

"येतं," बालाच म्हणाला. "मी करून बघितलं."

३

पोलिसांनी तिहोमिरला उचलला. धमकी चौघांनी ऐकलेली, छत्री मेलेल्याच्या घरात, आणि त्या दुपारी कुठे होतास याचं उत्तर तो देईना.

तिहोमिर माझा कुम, म्हणजे लग्नातला धर्मसाक्षीदार. माझ्या लग्नात माझ्या डोक्यावर मुकुट त्याने धरला होता. नवरा गेला, कुम राहिला. आमच्यात सख्ख्या भावाशी भांडता येतं, कुमाशी नाही. कोठडीत मी त्याला बघितलं तेव्हा तो भिंतीला टेकून श्वास मोजून घेत होता. त्याच्या हृदयाला आधीच दोन नळ्या घातलेल्या. तुरुंगाचा डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाला होता, हा हिवाळा इथे काढणं या माणसाला झेपायचं नाही.

"तिका, कुठे होतास?"

"स्लावाला."

"कुणाकडे?"

"विचारू नकोस, कुमा."

"अरे, ते तुला खुनी म्हणतायत!"

"म्हणू देत. चाळीस वर्षं मी राजे केले, संत केले. खुनीही केलेत." त्याने तोंड फिरवलं. "पण त्या दुपारी मी काय केलं ते तुला सांगायचं म्हणजे... नको. त्यापेक्षा हे बरं."

बाहेर आल्यावर मी वुलेतिचवर ओरडले. त्याने ऐकून घेतलं.

"बाई, मलाही तो खुनी वाटत नाही. पण मला वाटून काय होतं? पुढच्या आठवड्यात तो न्यायाधीशापुढे उभा राहणार. दुसरा कुणी तरी द्या मला. ग्रादिमिर दिवसभर शंभर लोकांसमोर उभा होता, तो सुटला. तुम्ही तिथेच होतात. राहिली कोण? नेवेंकाबाई. त्याही ग्रादिमिरकडे जाऊन आल्या म्हणतात. त्या गर्दीत कुणाला आठवतंय? कुणी हो म्हणत नाही, कुणी नाही म्हणत नाही."

"नेवेंका मुंगी मारणार नाही," मी म्हणाले, आणि ते मला मनापासून खरं वाटत होतं.

"मग कप कुणी धुतला?"

४

दुसऱ्या दिवशी मी नेवेंकाकडे गेले. दुसऱ्या कुणाकडे जाणार? काळे कपडे तिने उरोशसाठी घातले होते, तेच आता बालाचसाठीही चालले. तिने मला मिठी मारली, खुर्चीत बसवलं, पातेली काढली आणि पाणी आणायला बाथरूममध्ये गेली.

"अगं, अजून हा नळ दुरुस्त नाही केलास?" मी विचारलं. दोन वर्षं बघत होते.

"प्लंबर येतो म्हणतो, येत नाही." ती परत आली, पातेली गॅसवर ठेवली. "तिका कसा आहे?"

"मरेल आत."

तिचा हात थांबला. मग ती कॉफीत साखर घालत राहिली, मी बिनसाखरेची पिते हे माहीत असून.

"तू त्या दिवशी बालाचला भेटली नव्हतीस ना?" मी विचारलं. विचारायचं म्हणून विचारलं.

"कुठची. मी ग्रादिमिरकडे. दाराशीच त्याच्या बायकोने गव्हाची वाटी पुढे केली, एक चमचा घेतला. अक्रोड भरमसाट घातला होता तिने, दातात अडकला. थोडी बसले, जीव रमेना, उठले. तू यायच्या आधी."

"मी आले तेव्हा ग्रादिमिर पायांचं रडगाणं गात होता."

"दरवर्षीचंच ते," नेवेंका म्हणाली, आणि आम्ही दोघी हसलो. बालाच गेल्यापासून मी पहिल्यांदा हसले होते. निघताना तिने माझा मफलर नीट गुंडाळला आणि म्हणाली, "तिका सुटेल. त्याने काही केलेलं नाही."

इतक्या खात्रीने बोलली की मला बरं वाटलं.

५

वुलेतिचने मला पुन्हा बालाचच्या घरी बोलावलं. कपाने त्याची झोप उडवली होती.

"तुम्ही लेखक आहात," तो म्हणाला. "पात्राने असं का केलं, सांगा."

मी बालाचच्या खुर्चीत बसले. समोर सिंक, हात लांब केला की नळ. आलेला माणूस खून करून परत आत येतो, आपला कप उचलतो, आणि हाताशी नळ असताना बोळातून बाथरूममध्ये जातो. बाथरूमची खिडकी पायऱ्यांच्या बाजूला. खाली बालाच अजून जिवंत.

"नळ बिघडलेला असेल?" मी म्हणाले.

वुलेतिचने तो फिरवला. धो धो पाणी आलं. त्या आवाजात मी वाचनाच्या दिवसाचं टेबल बघितलं. रिकामा जग. नेवेंका उठली, याच सिंकवरून पुढे गेली आणि जग बाथरूममधून भरून आणला. तेव्हा मला त्यात काहीच दिसलं नव्हतं.

दोन वर्षं न येणारा प्लंबर.

"बंद करा," मी म्हणाले. "बंद करा तो नळ."

मग मी त्याला सीन सांगितला. म्हातारा, बर्फ, जिना, नळ. बालाचला मूलबाळ नव्हतं, त्याच्या दाराशी कधी कुणी मेलं नव्हतं. त्याने हे कुणाकडून तरी घेतलं होतं, आणि ओळखू येऊ नये म्हणून मुलाचा म्हातारा केला होता, आईची मुलगी. नेवेंका त्या रात्री नोवी सादला नव्हती. ती घरात होती, दाराच्या आत. त्या एका सीनमध्ये बालाचने दोन माणसं मारली होती, तिहोमिर आणि नेवेंका, आणि आम्हाला सगळ्यांना एकच दिसलं.

वुलेतिचने मान हलवली. "पटतंय. पण न्यायाधीश म्हणेल, बाई बाथरूममधून पाणी आणते, हा काय पुरावा? ती ग्रादिमिरकडे होती म्हणते. नव्हती, हे कसं सांगणार?"

मी बोलायला तोंड उघडलं आणि जिभेवर अक्रोड आला. दातात अडकलेला.

मी थांबले. खरंच थांबले. एकीकडे तिका भिंतीला टेकून श्वास मोजत होता. दुसरीकडे ती, जिने माझा मफलर गुंडाळला होता. मी गप्प बसले असते तर हे दुसऱ्या कुणाला कधीच कळलं नसतं.

"ग्रादिमिरच्या बायकोला फोन लावा," मी म्हणाले. "विचारा, गव्हात अक्रोड किती घातला होता."

त्याने लावला. तिचा आवाज मला टेबलापलीकडे ऐकू आला.

"गहू? मिखाइलला? मी काय देवदूताला पुरायला निघाले होते? कुणी सांगितलं तुम्हाला, कोणत्या घरच्या बाईने?"

६

वुलेतिचला मी खाली जिन्यात थांबायला सांगितलं. नेवेंकाने दार लगेच उघडलं. हल्ली ती दार नेहमी लगेच उघडायची.

"कॉफी कर," मी म्हणाले. "पाणी मी घेते." आणि स्वयंपाकघरातल्या नळावर हात ठेवला.

तिने माझं मनगट इतक्या जोरात धरलं की बोटं पांढरी पडली. आम्ही दोघी तशाच उभ्या राहिलो. मग तिने हात सोडला आणि खाली बसली.

"कशावरून कळलं?"

"गव्हावरून. ग्रादिमिरकडे गहू नव्हता, नेवेंका. मिखाइलला नसतो."

तिने डोळे मिटले. "आमच्याही घरी असतो ना. निकोलसला. हात आपोआप तिकडे गेला." मग विचित्र हसली. "तोंडात घास घाला. घातला."

"तू त्याच्याकडे का गेलीस?"

"सीन काढ म्हणायला. दुसऱ्या दिवसापासून चित्रीकरण होतं. उरोश गेला त्या हिवाळ्यात एकदा मी त्याला सगळं सांगितलं होतं. फक्त त्याला. व्यसनमुक्ती केंद्रातल्या लोकांनी बजावलं होतं, नशेत आला तर दार उघडू नका, तरच सुधारेल. मी नाही उघडलं. नळ सोडला. दोन वर्षं मी स्वतःला सांगत आलेय, त्याने थोडंसंच वाजवलं असेल, मग नळ सोडल्यावर मला ऐकू आलं नाही, मग तो गेला असेल. एवढ्यावर जगत होते. आणि बालाच सगळ्यांसमोर म्हणतो, ऐकू येतं. मी करून बघितलं." ती माझ्याकडे बघत होती. "दारिंका, त्याने आपल्या घरात नळ सोडला, बाहेर कुणाला तरी उभं केलं आणि दार वाजवायला लावलं. तो सीन नीट बसावा म्हणून."

मी तिच्यासमोरची खुर्ची ओढून बसले.

"त्या दिवशी त्याने मला कॉफी करून दिली. म्हणाला, तुझं दुःख वाया जाऊ देऊ नकोस. मी उठले. तो सपाता घालून मागे आला, पुढे होऊन पायऱ्यांवर उभा राहिला, मला जाऊ देईना. आणि काय म्हणाला माहीत आहे? म्हणाला, रागावू नकोस, भागाला लेखक म्हणून तुझं नाव देतो. पहिलं तुझं, मग माझं."

"आणि तू ढकललंस."

"दोन्ही हातांनी." तिने आपले हात टेबलावर पसरून बघितले. "मग कप आठवला. आत गेले. खालून तो हाक मारत होता. माझं नाव घेऊन." ती थांबली. "मी नळ सोडला."

जिन्यात वुलेतिचची पावलं वाजली. त्याने दार वाजवलं. नेवेंका माझ्या आधी उठली आणि जाऊन उघडलं.

"तिहोमिरला तुम्ही खरंच शिक्षा होऊ दिली असती का?" वुलेतिचने तिला कोट देताना विचारलं.

"माहीत नाही," ती म्हणाली. "रोज सकाळी म्हणायचे, आज सांगते."

७

तिहोमिर सुटला. गाडीत बसल्यावर मी त्याला म्हटलं, आता तरी सांग, नाहीतर इथेच उतरवते.

"जाहिरातीच्या निवडीला गेलो होतो," तो खिडकीबाहेर बघत म्हणाला. "कवळी चिकटवायच्या लेपाच्या. सगळ्यांसमोर दात काढायला लावले, कुमा. मी, ज्याने राजे केले! आणि घेतलंही नाही. म्हणाले, चेहरा फार दुःखी आहे." इतकं बोलून तो रडला, आणि मीही रडले, पण वेगळ्या कारणाने.

मालिका आता माझ्याकडे आली. ग्रादिमिर म्हणाला, सीन ठेव, आता तर सगळा देश बघेल. मी काढला. स्पासोये जिवंत आहे, खोकतो, दारू पितो, आणि त्याची मुलगी त्याला शिव्या देत दार उघडते. ग्रादिमिर म्हणतो, भाग पडला. पडू दे.

नेवेंकाला गरम कपडे हवे होते. वुलेतिचने किल्ली दिली आणि स्वतः खाली गाडीत थांबला. मी कपाटातून लोकरी मोजे, स्वेटर काढले. मग स्वयंपाकघरात गेले. नळ फिरवला. एकदा खाकरला, थोडं तांबूस पाणी आलं, मग स्वच्छ, जोरात. नळ कधीच बिघडलेला नव्हता. मी पूर्ण सोडला आणि सिंकला धरून उभी राहिले.

थोड्या वेळाने दार वाजलं. वुलेतिच, मला उशीर झाला म्हणून बघायला वर आला असणार. पाणी धबाधबा पडत होतं आणि त्याच्या वरून एकेक ठोका मला स्पष्ट ऐकू येत होता. त्याने बोटांनी हलकेच वाजवलं तेसुद्धा. "दारिंकाबाई, आहात ना?" असं हळू आवाजात म्हणाला, तेसुद्धा.

तुरुंगात भेटीच्या खोलीत नेवेंकाने मोजे हातात घेतले, पण बघितले नाहीत.

"घरी गेली होतीस."

"हो."

"नळ सोडलास?"

मी मान हलवली. तिला मी ओळखते, विचारल्याशिवाय ती राहणार नव्हती.

"मग सांग. बालाच खरं बोलत होता? ऐकू येतं?"

"नाही," मी म्हणाले. "तुझ्या टेबलावर सफरचंदं होती, त्यातलं एक धुवायला घेतलं. बाहेर वुलेतिच दार बडवत होता म्हणे. मला पत्ताच नाही. नळ बंद केला, सफरचंदाचा पहिला चावा घेतला, तेव्हा कुठे कळलं."

नेवेंका माझ्याकडे बघत राहिली. अकरा वर्षं माझं प्रत्येक वाक्य तिच्या हाताखालून गेलं होतं. त्यातलं कुठलं जगलेलं आणि कुठलं रचलेलं, हे मला कळायच्या आधी तिला कळायचं.

"सफरचंद कसं होतं?" तिने विचारलं.

"आंबट."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने मान हलवली, मोजे छातीशी धरले, आणि पुन्हा तो विषय काढला नाही.